ऋणकोचा पैसा, तिऱ्हाइताची पेढी

कारंजा (लाड) येथील कापूस बाजार १८८६ मध्ये कायद्याच्या नियमनाखाली आला आणि देशातील नियमित बाजारपेठांचा आरंभ तेथूनच मानला जातो. आज वाशिम जिल्ह्याच्या शिवारात सोयाबीन व तूर यांचे राज्य आहे, पण बाजाराची घडण जुनीच आहे. माल एकाचा, दुकान दुसऱ्याचे, खरेदी तिसऱ्याची, आणि मधल्या काळात कोणाचा तरी पैसा कोणाच्या तरी खात्यावर जमा राहतो. म्हणूनच ज्याने आयुष्यात कधी कोर्टाची पायरी चढलेली नाही, अशा व्यापाऱ्याच्या पेढीवरही एखाद्या दिवशी बेलीफ येतो आणि दुसऱ्याच्याच कर्जाचा कागद हाती ठेवून जातो.

असा कागद आला की कोणी घाबरून मागितलेली सगळी रक्कम भरतो, तर कोणी ‘कर्ज आपले नव्हे’ असे म्हणून तो गल्ल्यात टाकून देतो. दोन्ही गोष्टी नुकसानीच्या आहेत; दुसरी अधिक.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ मधील नियम ४६ प्रमाणे, ज्याच्यावर हुकूमनामा झाला आहे अशा ऋणकोचे येणे तिऱ्हाइताकडे असेल तर कोर्ट ते जप्त करते: तिऱ्हाइताने ऋणकोला पैसे द्यायचे नाहीत आणि ऋणकोने ते घ्यायचे नाहीत. १९७६ च्या दुरुस्तीने त्यापुढे ४६-अ ते ४६-झ हे नियम जोडले गेले. त्यानुसार कोर्ट त्या तिऱ्हाइतास, म्हणजे कायद्याच्या भाषेतील ‘गार्निशी’स, रक्कम कोर्टात भरण्याची किंवा हजर होऊन कारण दाखविण्याची नोटीस काढू शकते. या सर्व योजनेचा पाया एकच आहे. धनको हा ऋणकोच्या जागी उभा राहतो. ऋणकोला जेवढे मागता आले असते, त्याहून एक रुपयाही अधिक त्याला मागता येत नाही.

समजा, रिसोडच्या एका अडत्याकडे मालेगावच्या व्यापाऱ्याचे ४ लाख २० हजार रुपये जमा आहेत. त्या व्यापाऱ्यावर ९ लाखांचा हुकूमनामा झाला आहे. अडत्याचे मात्र बारदाना व उचल यांपोटी त्याच व्यापाऱ्याकडे ७० हजार येणे आहे आणि ते जप्तीचा हुकूम पोहोचण्यापूर्वीचे आहे. नोटिशीत ९ लाखांचा आकडा दिसला तरी अडत्याचे दायित्व ३ लाख ५० हजारांचेच. पण हा हिशेब त्याने कोर्टापुढे मांडला पाहिजे. तो हजर झाला नाही व पैसेही भरले नाहीत, तर नियम ४६-ब प्रमाणे कोर्ट त्याच्याविरुद्ध हुकूम करू शकते आणि जणू हुकूमनामा त्याच्यावरच झाला आहे अशा रीतीने त्याची बजावणी होते. उलट, त्याने देणे नाकारले किंवा आकड्याविषयी वाद घातला, तर ४६-क प्रमाणे तो मुद्दा दाव्यातील मुद्द्याप्रमाणे पुरावा घेऊन ठरवावा लागतो. पैसा मुळात तिसऱ्याच कोणाचा असेल किंवा त्यावर दुसऱ्याचा बोजा असेल, तर त्या माणसालाही कोर्ट बोलावू शकते.

जप्तीनंतर जुन्या ओळखीखातर ऋणकोला गुपचूप पैसे देणे हा मात्र सरळ तोट्याचा सौदा. कलम ६४ प्रमाणे असे देणे धनकोच्या हक्कापुरते निरर्थक ठरते आणि तीच रक्कम दुसऱ्यांदा मोजावी लागू शकते. नोटिशीनुसार कोर्टात भरलेल्या रकमेपुरता मात्र तो ऋणकोच्या देण्यातून मुक्त होतो. ऋणको पुढे कितीही रागावला तरी ती रक्कम त्याला पुन्हा मागता येत नाही.

व्यापारी घराण्यांनी नियम ४९ विशेष ध्यानात ठेवावा. भागीदारी पेढीत तीन भाऊ असतील आणि त्यांपैकी एकावर त्याच्या खाजगी कर्जाचा हुकूमनामा झाला असेल, तर त्यासाठी पेढीचे येणे किंवा पेढीचा माल जप्त करता येत नाही. कोर्ट फार तर त्या भावाच्या हिश्श्यावर व नफ्यावर बोजा ठेवू शकते. हे संरक्षण टिकते ते भागीदारी लेख आणि खाती स्वच्छ असतील तरच. जेथे घरखर्च, एका भावाचे खाजगी व्यवहार आणि पेढीची उलाढाल एकाच बँक खात्यातून चालते, तेथे हा नियम सांगत बसणे वकिलालाही जड जाते.

मालक हाही कधी गार्निशी होतो, तो नोकराच्या पगारापुरता. हमाल व घरगडी यांच्या मजुरीला कलम ६० प्रमाणे जप्तीच लागू होत नाही. मुनिमाच्या पगारातील पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचा दोन-तृतीयांश भाग सुरक्षित असतो; म्हणजे १६,००० पगारातून कापता येतात ते फक्त ५,०००. त्याच एका हुकूमनाम्यासाठी कपात २४ महिने झाली की पुढे ती थांबते. पोटगीच्या हुकूमनाम्याचा हिशेब वेगळा आहे. तेथे केवळ एक-तृतीयांश पगार सुरक्षित राहतो. भविष्य निर्वाह निधीची रक्कमही जप्तीपासून सुरक्षित आहे.

निकाल लागण्यापूर्वीच जप्ती मागणाऱ्यांची संख्या थोडी नाही. त्यांच्यासाठी सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये रामन टेक विरुद्ध सोलंकी ट्रेडर्स या प्रकरणात स्पष्ट केले की विनातारण कर्जाला तारणी कर्ज बनविणे हा निकालपूर्व जप्तीचा हेतू नाही. प्रतिवादी माल दडवतो किंवा हलवतो आहे, आणि तेही हुकूमनाम्याची बजावणी हाणून पाडण्याच्या हेतूने, हे प्रथमदर्शनी दिसले पाहिजे. केवळ दावा दाखल झाला म्हणून दुसऱ्याच्या खात्यातील पैसा अडकत नाही.

वस्तू व सेवा कराची नोटीस या सर्वांहून निराळी. केंद्रीय कायद्याच्या कलम ७९ खाली अधिकारी स्वतःच, डीआरसी-१३ या नमुन्यात, तिऱ्हाइताकडून थेट रक्कम मागवू शकतो. त्यासाठी कोर्टात जाण्याची गरज नसते. तेथेही मर्यादा आहेच. नोटीस मिळाली त्या वेळी थकबाकीदाराचे काही देणे नव्हते आणि पुढेही होण्याचा संभव नाही, हे अधिकाऱ्याला पटवून दिल्यास भरणा करावा लागत नाही. उत्तर लेखी, मुदतीत आणि त्या दिवसाच्या खतावणीचा उतारा जोडून द्यावे, व त्याची पोच घ्यावी.