नास्तिक, अज्ञेयवादी आणि धर्मविरोधी



दाव्याची सुनावणी सुरू होण्यापूर्वी न्यायालयास वादाचे मुद्दे काढावे लागतात. ते नीट काढले नाहीत, तर पुरावा एका मुद्द्यावर होतो आणि निकाल भलत्याच मुद्द्यावर लागतो. धर्मविषयक चर्चेत नेमके हेच घडते. अमुक मनुष्य देव मानीत नाही एवढे कळले, की तो धर्महीन व नीतिहीन आहे असा निकाल देऊन लोक मोकळे होतात. वस्तुतः येथे मुद्दे तीन आहेत.

ईश्वर आहे काय? 'नाही' म्हणणारा तो निरीश्वरवादी. ईश्वर आहे की नाही, हे मनुष्यास कळू शकते काय? 'कळू शकत नाही' म्हणणारा तो अज्ञेयवादी. या भूमिकेस इंग्रजी नाव दिले ते टॉमस हक्स्ली या शास्त्रज्ञाने, १८६९ साली. धर्म नावाची संस्था समाजात असावी काय? 'नसावी' म्हणणारा तो धर्मविरोधी. पहिला प्रश्न अस्तित्वाचा, दुसरा ज्ञानाचा, तिसरा समाजव्यवस्थेचा. एकाचे उत्तर दुसऱ्यास लागू पडत नाही.

आपल्याकडील 'नास्तिक' हा शब्द तर अधिकच फसवा आहे. स्मृतिकारांनी तो वेदनिंदकास लावला. म्हणून सृष्टिकर्ता ईश्वर न मानणारे प्राचीन मीमांसक वेदप्रामाण्याच्या बळावर आस्तिक ठरले आणि बौद्ध व जैन नास्तिक ठरले. कसोटी ईश्वराची नव्हतीच. ती ग्रंथप्रामाण्याची होती.

आता उदाहरणे पाहा. महात्मा फुले निर्मिक मानीत, तथापि पुरोहितशाहीवर त्यांच्याइतका कठोर प्रहार क्वचितच कोणी केला असेल. पेरियार रामस्वामींनी ईश्वर आणि धर्म दोन्ही नाकारले. भगवान बुद्धांनी सृष्टिकर्त्यास स्थान दिले नाही, परंतु जगास धम्म दिला.

बुद्ध अज्ञेयवादी होते, असेही काही जण म्हणतात. जग शाश्वत आहे की अशाश्वत, या मालुंक्यपुत्राच्या प्रश्नास तथागतांनी उत्तर दिले नाही, हे खरे. परंतु ते कळणे अशक्य आहे, हे त्याचे कारण नव्हे. विषारी बाण लागलेल्याने बाण मारणाऱ्याचे कूळ विचारीत बसू नये, हे कारण होय. त्या प्रश्नाच्या उत्तराने दुःखाचा निरोध होत नाही. कोणत्याच प्रश्नास होकार वा नकार न देणाऱ्या संजय बेलट्ठपुत्ताचे मत बौद्ध वाङ्मयात निराळे नोंदलेले आहे, हेही ध्यानात ठेवावे.

कायद्याने हा भेद ओळखला आहे. संविधानाच्या तिसऱ्या अनुसूचीत ईश्वरसाक्ष शपथ आणि गांभीर्यपूर्वक दृढकथन असे दोन्ही पर्याय आहेत. १९६९ च्या शपथ अधिनियमाने साक्षीदारासही दृढकथनाची मुभा दिली आहे. २०१४ साली मुंबई उच्च न्यायालयापुढे असे अर्जदार आले, की ज्यांची येशूवर श्रद्धा होती, परंतु ख्रिस्ती वा अन्य कोणताही धर्म ते मानीत नव्हते. 'धर्म नाही' अशी राजपत्रातील नोंद त्यांना नाकारण्यात आली होती. अनुच्छेद २५ मधील सदसद्विवेकबुद्धीच्या स्वातंत्र्यात 'मला धर्म नाही' असे म्हणण्याचा हक्कही येतो आणि धर्म सांगण्याची सक्ती शासन करू शकत नाही, असा निर्णय न्यायालयाने दिला. श्रद्धा आहे, धर्म नाही, अशीही माणसे असतात, हे त्या दाव्याने दाखवून दिले.

मग आपल्या सुशिक्षित तरुणांनी गोंधळ का करावा? 'आम्ही देव मानीत नाही' म्हणून कित्येक जण धर्माच्या रकान्यात 'निधर्मी' लिहितात. तो रकाना ईश्वराविषयी काही विचारीतच नाही. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे बाबासाहेबांनी दिलेल्या २२ प्रतिज्ञांत देवदेवतांचा नकार आणि धम्माचा स्वीकार शेजारी शेजारी आहेत. एकाने दुसऱ्याचा लोप होत नाही.

ज्यास धम्म मान्य आहे, त्याने निःशंकपणे 'बौद्ध' लिहावे. ज्याने विचारपूर्वक सर्वच धर्म नाकारले आहेत, त्याने तसे लिहावे. तो त्याचा हक्क आहे आणि त्याचा उपहास करणे आपणांस शोभणारे नाही. साक्षीच्या पिंजऱ्यात ज्यास ईश्वराची शपथ नको असेल, त्याने न संकोचता दृढकथन मागून घ्यावे. मात्र एका प्रश्नाचे उत्तर दुसऱ्याच्या रकान्यात लिहू नये. अशा चुकीने मनुष्य स्वतःची ओळख स्वतःच्याच हस्ताक्षराने पुसून टाकतो, आणि त्या निकालावर अपील कोठे करावयाचे?