प्रार्थनेला आजार समजणारी कादंबरी

आधुनिक कादंबरीत नन आली की पुढे काय होणार हे सराईत वाचकाला आधीच कळतं. तिच्या व्रतामागे फसलेलं प्रेम निघणार, दाबलेली वासना निघणार, नाहीतर घरच्यांची जबरदस्ती. ती देवापुढे गुडघे टेकते ते देवासाठीच, ही शक्यता लेखक तपासूनही पाहत नाही. मला हा लेखकाचा आळस वाटतो. धीट वास्तववाद म्हणून त्याचं कौतुक व्हावं याचा मला राग येतो.

पूर्वपक्ष मात्र लेचापेचा नाही. पहिला आक्षेप जबरदस्तीचा. दिदरोची ‘ला रलिजिअज’ ही फ्रेंच कादंबरी त्याच्या मृत्यूनंतर, १७९६ मध्ये पुस्तकरूपात आली. इच्छेविरुद्ध मठात कोंडलेल्या सुझानची ती कैफियत आहे, आणि दिदरोची सख्खी बहीण मठातच वेड लागून गेली होती. आयर्लंडमध्ये नन चालवत असलेल्या मॅग्डेलिन धुलाईघरांत मुलींकडून बिनपगारी काम करून घेतलं गेलं. त्यांतलं शेवटचं १९९६ मध्ये बंद झालं आणि २०१३ मध्ये पंतप्रधान एंडा केनींनी संसदेत माफी मागितली. हे सगळं घडलं आहे आणि ते लिहिलंच पाहिजे.

पण क्लेअर कीगननं ते कसं लिहिलं पाहा. ‘स्मॉल थिंग्ज लाइक दीज’ (२०२१) मधला कोळशाचा व्यापारी फर्लाँग मठात माल टाकायला जातो आणि कोळशाच्या खोलीत कोंडलेली मुलगी त्याला सापडते. कीगनचा आरोप मठाच्या सत्तेवर आहे आणि सगळं जाणून गप्प बसणाऱ्या गावावर आहे. मठाधिकारीण दोषी म्हणून प्रार्थना खोटी, असा निष्कर्ष ती काढत नाही. तो वाचक काढतो, समीक्षक काढतो. न्यायशास्त्रात याला अतिव्याप्ती म्हणतात.

रूमर गॉडनची दोन पुस्तकं शेजारी ठेवली की माझं म्हणणं स्पष्ट होईल. ‘ब्लॅक नार्सिसस’ (१९३९) मध्ये हिमालयातल्या एका जुन्या जनानखान्यात नन शाळा-दवाखाना काढायला येतात. वारा, उंची आणि आठवणी त्यांना पोखरतात. सिस्टर रूथ वेडी होते आणि शेवटी दरीत कोसळते. १९४७ च्या चित्रपटात झगा उतरवून लालभडक लिपस्टिक लावणारी रूथ जगाच्या लक्षात राहिली. मला कादंबरीतली सिस्टर फिलिपा जास्त खरी वाटते. ती भाजीच्या वाफ्यांत फुलं लावून बसते, आणि या जागेवर आपला जीव जडतोय हे कळल्यावर स्वतःहून बदली मागते. आपल्या मनावर इतकी बारीक नजर ठेवणं हीसुद्धा साधनाच. पण त्या कादंबरीत ती कडेला राहते.

तीस वर्षांनी, १९६९ मध्ये, गॉडननं ‘इन धिस हाउस ऑफ ब्रीड’ लिहिली. तिची नायिका फिलिपा टॅल्बट चाळिशी ओलांडलेली वरिष्ठ सरकारी अधिकारी आहे. चांगली चाललेली नोकरी सोडून ती बेनेडिक्टाइन मठात येते. तिला कोणी ढकललेलं नाही. इथे मठावर कर्ज आहे, हेवेदावे आहेत, म्हाताऱ्या सिस्टरांचे हट्ट आहेत. आणि या सगळ्यातून दिवसातून अनेक वेळा घंटा झाली की हातातलं काम टाकून गायनाला उभं राहणं आहे. मन लागो न लागो, उभं राहायचं. आपल्याकडे वारकऱ्याला नेम कळतो, तसा गॉडनला हा नेम कळला आहे. त्यामुळे तिथे संघर्ष कमी होत नाही, उलट खोल जातो.

दुसरा आक्षेप मेंदूविज्ञानाचा: दर्शन म्हणजे बिघाड. मार्क साल्झमननं ‘लाइंग अवेक’ (२०००) मध्ये हा आक्षेप सरळ अंगावर घेतला. लॉस एंजेलिसमधल्या कार्मेलाइट मठातल्या सिस्टर जॉनला दर्शनं होतात, कविता सुचतात. डॉक्टर निदान करतात: अपस्मार. ती शस्त्रक्रिया करून घेते. दर्शनं थांबतात, आणि ती मठातच राहते. कोरड्या पडलेल्या प्रार्थनेला ती रोज बसते. भक्ती हे नुसतं लक्षण असतं तर ते दुखण्याबरोबर गेलं असतं.

उरला आरोप बुद्धी गहाण टाकण्याचा. त्यावर मराठी माणसाला दूर जायला नको. पंडिता रमाबाई १८८३ मध्ये इंग्लंडला गेल्या, वाँटेजच्या मठातल्या सिस्टरांकडे राहिल्या आणि तिथेच त्यांनी बाप्तिस्मा घेतला. नंतर तिथल्याच सिस्टर जेराल्डिनशी त्यांचा पत्रांतून जो वाद झाला तो त्रिएकत्वापासून चर्चच्या अधिकारापर्यंत आणि अंडं घातलेल्या पुडिंगपर्यंत पोचला. रमाबाई ना मान तुकवतात, ना श्रद्धा सोडतात. जेराल्डिन रागावतात, काळजी करतात, पुन्हा लिहितात. त्या पत्रांत दोन प्रखर भाविक बायका एकमेकींशी भांडताहेत आणि दोघींनाही देव हवा आहे. मराठी कादंबरीकारानं तिथून सुरुवात करावी.