खलनायकाच्या बाजूने

पराभूताच्या बाजूने कथा पुन्हा सांगण्याची परंपरा आपल्याला नवी नाही. भासाच्या नावावर असलेल्या 'ऊरुभंगा'त मांड्या मोडून पडलेला दुर्योधनच केंद्रस्थानी आहे. शिवाजी सावंतांच्या 'मृत्युंजय'ने १९६७ साली कर्णाला मराठी घराघरांत नेले. हे आम्ही दर वर्षी वर्गात शिकवतो. अशाच एका तासाला एका विद्यार्थिनीने 'सायको वालुइजी' या व्हिडिओ गेमचे उदाहरण दिले, तेव्हा प्रथम आम्हाला हसू आले. नंतर तो खेळ पाहिला आणि आपण हसण्याची घाई केली असे वाटले.

वाचकांपैकी अनेकांना मारिओ ठाऊक असेल. निन्तेन्दो या जपानी कंपनीचा 'सुपर मारिओ ब्रदर्स' १९८५ साली आला. उड्या मारत, खड्डे ओलांडत, शत्रूंना चुकवत पुढे जायचे, अशा खेळांना प्लॅटफॉर्म गेम म्हणतात. मारिओचा भाऊ लुइजी. या दोघांच्या विरुद्ध छायाही कंपनीने निर्माण केल्या. १९९२ मध्ये मारिओचा वाडा बळकावणारा वारिओ आला आणि २००० साली 'मारिओ टेनिस'मध्ये वालुइजी आला. जपानी भाषेत 'वारुइ' म्हणजे वाईट. नावातच निवाडा लिहिलेला. वालुइजीच्या जन्माचे कारण तर फारच क्षुल्लक होते: टेनिसच्या दुहेरीत वारिओला जोडीदार हवा होता.

वारिओचे नशीब थोर. १९९४ साली कंपनीनेच त्याला 'वारिओ लँड'चा नायक केले. चाच्यांनी पळवलेला राजकन्येचा सुवर्णपुतळा मिळवून स्वतःचा वाडा उभारायचा, एवढीच त्याची आकांक्षा. शेवटी मारिओ हेलिकॉप्टरमधून येऊन पुतळाच घेऊन जातो, आणि साठवलेल्या धनाच्या प्रमाणात वारिओला घर मिळते. धन अगदी थोडे असेल तर पक्ष्याचे खोपटे, भरपूर असेल तर अख्खा ग्रह! लोभाचे इतके निर्मळ आणि विनोदी चित्रण आम्ही क्वचितच पाहिले आहे.

वालुइजीला मात्र टेनिस, गोल्फ, मोटारशर्यत यांसारख्या खेळांपलीकडे फारसे कोणी बोलावले नाही. एकाही साहसखेळाचे नायकपद कंपनीने त्याला आजवर दिलेले नाही. २०१८ च्या 'सुपर स्मॅश ब्रदर्स अल्टिमेट'मध्ये सत्तरांहून अधिक लढवय्ये जमले, त्यांतही तो मदतनीसच राहिला. त्यावर जगभरच्या चाहत्यांनी गहजब केला. पण त्याआधीच, २०११ साली, एका चाहत्याने त्याला नायक करून संपूर्ण खेळ रचला होता आणि तो विनामूल्य वाटला होता. चित्रे नव्वदच्या दशकातील वळणाची, ठिपक्याठिपक्यांची. नायकाजवळ मानसिक सामर्थ्य. शत्रूला दुरूनच पकडून तो फेकून देतो.

येथे एक भेद ध्यानात घेण्याजोगा आहे. कर्णावरचा अन्याय कथेच्या आत घडतो. म्हणून कादंबरीकार त्याची कैफियत मांडू शकतो. वालुइजीवरचा अन्याय कथेच्या बाहेरचा आहे. त्याला कथाच मिळालेली नाही. म्हणून चाहता त्याची वकिली करीत नाही. तो त्याला केवळ चालू देतो, उडी मारू देतो. खलनायकाला सज्जन न ठरवताही नायकत्व देता येते, ही गोष्ट आमच्या कादंबऱ्यांनीही शिकण्यासारखी आहे.

पण खरा प्रश्न पुढेच आहे. दुर्योधनाचा कोणी मालक नाही; वालुइजीचा आहे. ऑगस्ट २०१६ मध्ये अर्जेंटिनातील एका चाहत्याने सुमारे दहा वर्षे खपून केलेली 'मेट्रॉइड २'ची पुनर्निर्मिती प्रसिद्ध झाली, आणि निन्तेन्दोच्या नोटिशीनंतर काही दिवसांतच ती उतरवावी लागली. त्याच सुमारास एका संकेतस्थळावरून पाचशेहून अधिक चाहतानिर्मित खेळ हटवले गेले. कंपनीची बाजू अगदीच पोकळ नाही. त्याच खेळाची अधिकृत पुनर्निर्मिती तिने २०१७ साली बाजारात आणली. मुद्रा आणि व्यापारनाम जपणे हा तिचा व्यवहार आहे. तरीही दुसरा मार्ग होता. कॅपकॉमने २०१२ मध्ये सिंगापूरच्या चाहत्याचा 'स्ट्रीट फायटर एक्स मेगा मॅन' स्वतःच्या नावाने विनामूल्य वितरित केला. सेगाने 'सोनिक मेनिया' (२०१७) चाहत्यांमधून आलेल्या मंडळींकडूनच करवून घेतला.

स्वतःची पात्रे निर्माण करा, परक्याच्या अंगणात कशाला खेळता, असे कोणी म्हणेल. सल्ला व्यवहारी आहे, पण खलनायकाच्या बाबतीत निरुपयोगी. लुइजीशिवाय वालुइजीला अर्थच उरत नाही. त्याच्या टोपीवरचे अक्षरसुद्धा लुइजीच्या अक्षराची उलटी प्रत आहे. उत्तरकथा मूळ कथेच्या अंगणातच घडते. महाभारत एखाद्या कंपनीच्या मालकीचे असते, तर 'मृत्युंजय'ला परवानगी मिळाली असती काय?

पात्रे विकण्याचा हक्क मालकाचा असावा, याबद्दल आमचा वाद नाही. परंतु विनामूल्य आणि प्रेमाने केलेले पुनर्कथन रोखण्याचा हक्कही त्याच्याकडेच असावा, हे आम्हाला मान्य नाही. ज्या कथांत आजची मुले वाढतात, त्या बहुतेक मालकीच्या आहेत. त्या कथांतील उपेक्षितांविषयी बोलण्यासाठी त्यांनी परवानगीची वाट पाहायची असेल, तर वर्गात कर्ण शिकवून आम्ही काय साधले?

त्या विद्यार्थिनीला आम्ही त्या दिवशी नीट उत्तर दिले नव्हते. ते आता येथे देत आहोत: तुझे उदाहरण योग्य होते.