मेक्सिकोची आजी आणि तिच्यामागची नटी

मेक्सिकोत गरम चॉकलेटच्या एका लोकप्रिय पाकिटावर पांढऱ्या केसांच्या आजीचा चेहरा छापलेला असतो. तो सारा गार्सियाचा. 'मेक्सिकोची आजी' हे बिरूद तिला प्रेमानं मिळालं, पण त्या प्रेमानं तिच्यावर एक अन्यायही केला, असं माझं ठाम मत आहे. ती आजी आपोआप, निव्वळ प्रेमळपणातून पडद्यावर आली, असा समज त्यातून रूढ झाला. खरं तर ती आजी एका कसबी नटीनं विचारपूर्वक घडवलेली होती. साराचा जन्म 1895चा, वेराक्रूझ प्रांतातल्या ओरिसाबाचा. चाळिशीच्या आसपास रंगभूमीवर म्हातारीची भूमिका मिळाली, तेव्हा गाल बसावेत म्हणून तिनं चक्क 14 दात काढून घेतले, असं तिची चरित्रं सांगतात. म्हातारपण तिच्याकडे चालत आलं नाही. वयाच्या कितीतरी आधी तिनं ते मिळवलं. 1941च्या 'कुआंदो लोस इहोस से वान' या चित्रपटात फर्नांदो सोलेर तिचा नवरा होता, आणि दोघंही जेमतेम पंचेचाळिशीत होती. बापानं घराबाहेर काढलेल्या मुलावर विश्वास टाकून बसलेली ती आई इतकी गाजली, की पुढची कित्येक वर्षं सारा मेक्सिकन पडद्यावरची आईच होऊन राहिली.

यावर आक्षेप येतो तो असा, की एकच भूमिका जन्मभर करण्यात मोठेपणा कसला? शिवाय सोसणाऱ्या, देवभोळ्या आईचं हे उदात्तीकरण बायकांना घरात बांधून ठेवणारंच होतं. दुसऱ्या भागात तथ्य आहे. त्या काळच्या कौटुंबिक चित्रपटांनी आईच्या अश्रूंवर भरपूर धंदा केला, आणि सारा त्यात सामील होती. पण भूमिका एकच होती, हे मला मान्य नाही. 'एल बाइसानो हालील'मध्ये ती लेबनॉनहून आलेल्या व्यापाऱ्याची बायको आहे. तिथली तिची बोलण्याची ढब आणि विनोदाची लय वेगळीच आहे. आणि इस्माएल रोद्रिगेसच्या 'लोस त्रेस गार्सिया'तली (1947) दोन्या लुईसा तर सोसणाऱ्या आईच्या अगदी उलट टोकाला उभी आहे. ती सिगार ओढते, ओरडते, एकमेकांशी भांडणाऱ्या तीन धिप्पाड नातवांना काठीनं बडवते. या नातवांतला एक पेद्रो इन्फान्ते, तेव्हाचा सर्वांत लाडका नायक, साराहून अवघ्या 22 वर्षांनी लहान. त्याचा मर्दानी रुबाब या म्हातारीपुढे विरघळतो, म्हणूनच तो आपल्याला माणूस वाटतो. पुढच्याच भागात ती मरते, आणि तिच्या कबरीपाशी रडणारा इन्फान्ते लोकांच्या मनात कायमचा राहिला. त्या रडण्याचं श्रेय त्याला जरूर द्यावं. पण ज्या बाईसाठी तो रडतो, तिचं वजन त्याआधी पडद्यावर कोणी उभं केलं होतं, हेही विचारायला हवं. नायकाची उंची मोजायची तर समोर कोण उभं आहे ते पाहावं लागतं, आणि समीक्षा हे सहसा पाहत नाही.

हे सगळं लेखक-दिग्दर्शकांचं श्रेय, असंही कोणी म्हणेल. मग 1972चा 'मेकानिका नासिओनाल' पाहावा. लुईस आल्कोरिसाच्या या चित्रपटात मोटारींची शर्यत पाहायला निघालेल्या कुटुंबातली शिवराळ आजी खाण्याच्या अतिरेकानं मरते, आणि तिचं प्रेत घेऊन घरचे गर्दीत अडकतात. हा साऱ्या 'पवित्र आई'च्या चित्रपटांवरचा उघड हल्ला होता. या भूमिकेत दुसरी कोणतीही वृद्ध नटी चालली नसती, कारण जे मोडायचं होतं ते साराचंच होतं. पंचाहत्तरी ओलांडलेल्या नटीनं आपलीच मूर्ती आपल्या हातानं फोडायला होकार दिला. ज्या बाईला आपण आयुष्यभर काय घडवलं हे नेमकं ठाऊक होतं, तिलाच हे जमलं असतं.