बारीला दोन दारे

शेगावला दर्शनाला गेलेल्या माणसाला बारी म्हणजे काय हे समजावून सांगावे लागत नाही. मागून शिरायचे, पुढून बाहेर पडायचे. सरकारी रुग्णालयातली केसपेपरच्या खिडकीपुढची बारी मात्र हळूहळू दिसेनाशी होऊ लागली आहे. ती संपलेली नाही, संगणकात गेली आहे. आयुष्मान भारत डिजिटल मिशनच्या ‘स्कॅन अँड शेअर’ सोयीत रुग्ण मोबाइलने क्यूआर कोड टिपतो आणि त्याला टोकन मिळते. ‘ई-संजीवनी’वर तर डॉक्टरची वाट घरी बसूनच पाहायची असते. अशा बारीचा नियम भिंतीवरच्या पाटीवर नसतो, सॉफ्टवेअरच्या एखाद्या फाइलमध्ये असतो.

ही फाइल दर वेळी नव्याने लिहिली जात नाही. नेहमी लागणारे तुकडे आधीच लिहून, तपासून ठेवलेले असतात. त्यांच्या संग्रहाला लायब्ररी म्हणतात. त्यातच ‘डेक’ नावाची एक रांग असते. हिची दोन्ही टोके उघडी. कुठूनही आत घ्या, कुठूनही बाहेर काढा. संगणकशास्त्रज्ञ डोनाल्ड नुथ यांच्या 1968 सालच्या ग्रंथाच्या पहिल्या खंडात ती आहे आणि नावाचे श्रेय त्यांनी ई. जे. श्वेप्पे यांना दिले आहे. सी प्लस प्लस, जावा, पायथॉन या भाषांच्या लायब्ररींत ती तयार मिळते. दुतोंड्या म्हणून आपल्याकडे मांडुळाची उगीच बदनामी होते, त्याला तोंड एकच असते. ही रांग मात्र खरोखरच दुतोंडी आहे.

तिचा उपयोग दवाखान्यातल्या बाकड्यावर कळतो. पहिला रुग्ण आत गेला की बाकीचे सगळे एकेक जागा पुढे सरकतात. साधी यादीही संगणकात असेच करते. हजार नावे असतील तर पहिले काढताच बाकीची 999 हलवावी लागतात. डेकमध्ये कोणीच हलत नाही, ‘पहिला कोण’ ही खूण तेवढी पुढे सरकते. अतिदक्षता विभागातल्या मॉनिटरसारख्या यंत्राला हे फार सोयीचे. नाडीचा आकडा दर ठोक्याला उड्या मारू नये म्हणून शेवटच्या काही ठोक्यांची सरासरी घेतात. समजा आठ ठोके धरले. नववा एका टोकाने आत आला की सर्वांत जुना दुसऱ्या टोकाने बाहेर. पायथॉनच्या डेकला अशी कमाल लांबी ठरवून देण्याची सोय 2008 सालच्या 2.6 आवृत्तीपासून आहे. भरलेल्या डेकमध्ये मागून नवे आले की पुढचे जुने आपोआप गळते, आणि त्याची कोणतीही सूचना येत नाही. जुना ठोका विसरणे हे मॉनिटरचे कामच आहे.

हीच सोय टोकनच्या बारीला लावली तर? कमाल लांबी 300 ठेवली आणि 301 वा रुग्ण आला, की गळतो तो सर्वांत पुढचा, म्हणजे पहाटेच्या एसटीने सर्वांत आधी येऊन बसलेला. पडद्यावर लाल अक्षरे नाहीत की घंटी नाही. खिडकीवर माणूस असता तर भांडता तरी आले असते.

दुसरी खोच पुढच्या दाराची. गरोदर बाई, तापाने फणफणलेले मूल, धाप लागलेले आजोबा यांना आधी घ्यायलाच हवे. त्यासाठी घाईत असलेला प्रोग्रामर त्यांना डेकच्या पुढच्या टोकाला घालतो. एकाच रुग्णापुरते ते ठीक. पण त्याचा नंबर लागण्याआधी दुसरा तातडीचा आला तर तो पहिल्याच्याही पुढे जातो, तिसरा त्या दोघांच्या पुढे. म्हणजे तातडीच्या रुग्णांतली बारी नेमकी उलटी होते आणि जो आधी आला त्याचीच वाट सर्वांत लांबते. इथे डेक चुकत नाही, तिची निवड चुकते. या कामाला प्राधान्यक्रमाची वेगळी रांग लागते. तीही लायब्ररीत असते, मात्र समान गरजेच्या रुग्णांत आधी आलेला आधी, हा नियम तिला स्पष्ट सांगावा लागतो.

मग जळगाव जामोद, संग्रामपूरकडच्या सातपुड्याच्या पायथ्याच्या गावांचा विचार करा. डॉक्टरशी बोलता बोलता मोबाइलची रेंज गेली, तर रुग्णाने परत आल्यावर पुढे उभे राहायचे की शेपटीला? डेकमध्ये दोन्ही एकेका ओळीत होते. रेंज जाणे हा रुग्णाचा दोष नाही, म्हणून ठरावीक मिनिटांत परतलेल्याला पुढेच घ्यावे, असे आमचे मत. पण हे ठरवायचे डॉक्टरांनी आणि आरोग्य अधिकाऱ्यांनी. आज अशी बाब कुणी ठरवली नाही, तर प्रोग्रामरच्या हाताला जे आधी लागेल तोच नियम होऊन बसतो.

आरोग्य विभागाच्या निविदांत सर्व्हर आणि प्रिंटरचे तपशील काटेकोर असतात, तसाच बारीचा नियमही मराठीत लिहून द्यावा आणि तो प्रतीक्षागृहात लावावा. कोण कधी पुढच्या दाराने आत घेतला गेला याची नोंद राहावी. आणि प्रणाली ताब्यात घेण्याआधी एक दुपार खर्चून तिच्यात ठरलेल्या मर्यादेपेक्षा एक खोटा रुग्ण जास्त भरून पाहावा, आणि पहिले टोकन अजून जागेवर आहे का ते तपासावे.