छपराशिवाय शिक्षण नाही

फौजेतून परतलेल्या माणसाला पुढे शिकायचे असेल तर त्याची फी सरकारने भरावी, इथवर बहुतेकांचे एकमत होते. पण शिकत असेपर्यंत त्याच्या घरभाड्याचा भारही सरकारने उचलावा, असे कोणी म्हटले की आक्षेप सुरू होतात. त्याला पैसे मिळालेच आहेत की. त्याने घरी बसून दूरशिक्षण घ्यावे. गरीब विद्यार्थी काय थोडे आहेत. रोख पैसे दिले की लबाडी वाढते. आणि द्यायचेच असेल तर वसतिगृह बांधा. हे पाचही आक्षेप सयुक्तिक वाटतात, आणि ते मांडणारी माणसे सैनिकाच्या वाईटावर असतात असेही नाही. तरीही त्यांतला एकही तपासणीला टिकत नाही. मुंबईच्या उपनगरांत शिकायला येणाऱ्या माजी सैनिकाला आणि चार वर्षे पुरी करून परतणाऱ्या अग्निवीराला अभ्यासक्रम संपेपर्यंत दरमहा घरभाडे भत्ता मिळाला पाहिजे, आणि त्याचा दर कॉलेज कुठे आहे त्यावरून ठरला पाहिजे, हे माझे म्हणणे आहे.

प्रश्न कोणाचा आहे ते आधी पाहू. सैन्यात चार वर्षांसाठी अग्निवीर भरण्याची अग्निपथ योजना जून २०२२ मध्ये जाहीर झाली. पहिल्या तुकड्यांचे प्रशिक्षण २०२२ च्या अखेरीस आणि २०२३ च्या आरंभी सुरू झाले, म्हणजे त्यांची चार वर्षे २०२६ च्या अखेरीपासून भरू लागतात. योजनेनुसार त्यांतले पंचवीस टक्क्यांपर्यंत कायम सेवेत घेतले जातात. बाकीचे एकविशी ते सत्ताविशीच्या दरम्यान घरी येतात. त्यांना निवृत्तिवेतन नाही, ग्रॅच्युइटी नाही, योजनेच्या अटींप्रमाणे माजी सैनिकाचा दर्जाही नाही. नेहमीच्या भरतीतला जवान पंधरा-सतरा वर्षे नोकरी करून पस्तीस-चाळिशीत बाहेर पडतो. त्याला पेन्शन असते, पण पुढे वीस-पंचवीस वर्षे काम करायचे असते आणि हाताशी बहुधा दहावी-बारावीचे प्रमाणपत्र आणि डिस्चार्ज बुक असते. आपल्याकडच्या मोठ्या शैक्षणिक सवलती पाहिल्या तर त्या मुख्यतः त्याच्या मुलांसाठी आहेत. पंतप्रधान शिष्यवृत्ती योजनेत माजी सैनिकाच्या मुलीला दरमहा ३,००० आणि मुलाला २,५०० रुपये मिळतात. अभियांत्रिकी प्रवेशातला संरक्षण दलाचा कोटा पाल्यांचा आहे, आणि जिल्ह्याजिल्ह्यांतली सैनिकी मुलामुलींची वसतिगृहेही प्रामुख्याने पाल्यांचीच आहेत. सैनिकाचा मुलगा शिकेल हे आपण गृहीत धरले. सैनिक स्वतः शिकायला बसेल हे धरलेच नाही. पूर्वी त्याची फारशी अडचण झाली नाही. बावीस-तेवीस वर्षांचे तरुण दरवर्षी मोठ्या संख्येने गणवेश उतरवून येणार असताना मात्र हे चालणार नाही.

उपनगरांत शिक्षणसंस्थांना तोटा नाही. अंधेरीत भवन्स आणि सरदार पटेल अभियांत्रिकी, विद्याविहारला सोमय्या, घाटकोपरला झुनझुनवाला, मुलुंडला वझे-केळकर आणि सरकारी आयटीआय, बोरिवलीला सेंट फ्रान्सिस अभियांत्रिकी. आयटीआयसारख्या ठिकाणी तर फी हा अडथळाच नसतो. साताऱ्याच्या, बीडच्या किंवा चंदगडच्या मुलाला अडथळा होतो तो त्या आधीच्या टप्प्यावर. घाटकोपरला खोली बघायला गेलेल्या माणसाला दलाल पहिल्यांदा विचारतो, "फॅमिली की बॅचलर?" पाठोपाठ दुसरा प्रश्न येतो, "नोकरी कुठे? पगाराची स्लिप आहे?" अग्निवीराकडे ती कालपर्यंत होती, आज नाही. मग अकरा महिन्यांचा लिव्ह अँड लायसन्स करार, काही महिन्यांच्या भाड्याइतके डिपॉझिट, वर दलाली, पोलीस पडताळणी, सोसायटीची एनओसी. यातले बहुतेक पैसे पहिल्या लेक्चरच्या आधी मोजावे लागतात. ते जमले नाही तर उरते कॉट बेसिस: एका खोलीत चार-सहा खाटा, वाटून घेतलेले कपाट आणि भाड्याची पावती नाही. फी शून्य असली तरी हा खर्च शून्य होत नाही, आणि तो भागवण्यासाठी रात्रपाळीची सिक्युरिटीची नोकरी धरली की दिवसाचे वर्ग सुटतात. शिक्षण सुटण्याची सुरुवात अनेकदा वर्गात होत नाही, खोलीच्या भाड्यापासून होते.

ही गोष्ट महाराष्ट्राला कोणी बाहेरून येऊन शिकवण्याची गरज नाही. राजर्षी शाहू महाराजांनी १९०१ मध्ये कोल्हापुरात मराठा विद्यार्थ्यांसाठी बोर्डिंग उभे केले, आणि पुढच्या वर्षांत जैन, मुसलमान, लिंगायत, अस्पृश्य अशा एकेका समाजासाठी वसतिगृहे काढली. शाळा उघडल्याने खेड्यातला मुलगा शिकत नाही, शाळेच्या गावात त्याला झोपायला जागा आणि दोन वेळचे जेवण लागते, हे त्यांनी ओळखले होते. कर्मवीर भाऊराव पाटलांनी १९२४ मध्ये साताऱ्यात शाहू बोर्डिंग सुरू केले ते हेच ओळखून. ज्या साताऱ्याने पिढ्यान्‌पिढ्या फौजेला माणसे दिली, त्याच साताऱ्यात हा धडा गिरवला गेला. बहुजन समाजाच्या शिक्षणाचा पाया बोर्डिंगवर उभा राहिला, हे आपण अभिमानाने सांगतो. मग त्याच समाजातल्या सैनिकाच्या बाबतीत फीमाफीपाशी थांबणे या परंपरेशी विसंगत आहे.

अमेरिकेने हा विचार कायद्यात उतरवला. २२ जून १९४४ रोजी राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी ज्या कायद्यावर सही केली, त्यात परतलेल्या सैनिकाच्या फीबरोबर निर्वाहासाठी दरमहा रक्कमही होती: सुरुवातीला एकट्याला ५० डॉलर आणि कुटुंब असणाऱ्याला ७५. १९४७ मध्ये तिथल्या कॉलेजांत शिकणाऱ्यांपैकी जवळजवळ निम्मे माजी सैनिक होते. २००९ पासून लागू असलेल्या नव्या व्यवस्थेची रचना आपल्याला जास्त उपयोगी आहे. सेवेतल्या सार्जंटला, म्हणजे आपल्या हवालदाराच्या बरोबरीच्या माणसाला, कुटुंबासह जो घरभाडे भत्ता त्या शहरात मिळतो, तोच शिकणाऱ्या माजी सैनिकाला मिळतो. दर ठरतो तो प्रत्यक्ष वर्ग जिथे भरतात त्या पत्त्यावरून. विद्यार्थी कुठे राहतो हे पाहिले जात नाही आणि भाड्याची पावतीही मागितली जात नाही. अभ्यासक्रम निम्म्यापेक्षा जास्त वेळेचा असावा लागतो, कमी विषय घेतले तर भत्ता त्या प्रमाणात कमी होतो, सगळे शिक्षण ऑनलाइन असेल तर राष्ट्रीय सरासरीच्या निम्माच मिळतो, आणि दोन सत्रांमधल्या सुट्टीचे पैसे नसतात. पावती न मागण्याचा नियम मुंबईला तर फारच जुळतो. कॉट बेसिसवर राहणाऱ्याकडे पावती कुठून येणार? पावतीची अट घातली तर ज्याला मदतीची सर्वांत जास्त गरज आहे तोच बाहेर राहील.

आता आक्षेप. पहिला असा की अग्निवीराला सेवानिधीचे ११.७१ लाख रुपये करमुक्त मिळतात, त्यातून भाडे द्यावे. ही रक्कम आभाळातून पडत नाही. चार वर्षे त्याच्या पगारातून दरमहा तीस टक्के कापून त्यात तेवढीच भर सरकारने घातलेली असते. ती त्याची पहिली आणि बहुधा एकमेव पुंजी असते. तिच्यातून कर्ज फिटायचे असते, घराची डागडुजी व्हायची असते, एखादा धंदा सुरू व्हायचा असतो. मुंबईसारख्या शहरात केंद्राचा घरभाडे भत्ता मूळ वेतनाच्या तीस टक्के आहे, आणि हवालदाराचे सुरुवातीचे मूळ वेतन २९,२०० रुपये आहे. म्हणजे सरकारच्याच हिशेबाने हवालदाराच्या छपराची किंमत इथे महिन्याला ८,७६० रुपये होते. तीन वर्षांच्या पदवीला त्याच दराने ३,१५,३६० रुपये लागतील. सेवानिधीचा चौथ्या हिश्श्याहून जास्त भाग नुसत्या भाड्यात जाईल, आणि जेवण, प्रवास, पुस्तके अजून बाकीच राहतील. पुंजी खाऊन शिका असे सांगणे म्हणजे शिकू नका असे सांगण्यासारखेच आहे.

दुसरा आक्षेप दूरशिक्षणाचा. इग्नूने अग्निवीरांसाठी खास पदवी आखली आहे, आणि तिचे निम्मे क्रेडिट सेवेतल्या प्रशिक्षणाचे धरले जातात. ही चांगलीच सोय आहे, आणि ज्याला घरी राहून तेवढ्यावर भागवायचे आहे त्याने जरूर घ्यावी. पण लेथ, वेल्डिंग, नर्सिंग, प्रयोगशाळा या गोष्टी पडद्यावर शिकता येत नाहीत, आणि यंत्रे हाताळण्याची सवय असलेल्या सैनिकाला नेमके हेच शिक्षण जास्त कामी येते. शिवाय ऑनलाइन शिकणाऱ्याला कमी आणि वर्गात बसणाऱ्याला पूर्ण, असा फरक करता येतो हे अमेरिकेच्या नियमाने दाखवलेच आहे. दूरशिक्षण उपलब्ध आहे म्हणून वर्गातले शिक्षण नाकारायचे, हा न्याय आपण इतर कोणत्याही विद्यार्थ्याला लावत नाही.

तिसरा आक्षेप सर्वांत गंभीर आहे: सैनिकालाच का, गरिबाच्या पोराला का नाही? याचे उत्तर असे, की त्यालाही द्या, आणि महाराष्ट्राने ते तत्त्व मान्य केलेलेच आहे. अनुसूचित जातींच्या ज्या विद्यार्थ्यांना सरकारी वसतिगृहात जागा मिळत नाही त्यांच्यासाठी २०१६-१७ पासून बाबासाहेब आंबेडकर स्वाधार योजना आहे. तिच्यात मुंबईसारख्या मोठ्या शहरांसाठी वर्षाला ६०,००० रुपये ठरले, त्यांतले २०,००० राहण्याचे. इतर महापालिका क्षेत्रांत एकूण ५१,००० आणि बाकी ठिकाणी ४३,०००. म्हणजे शहरागणिक दर बदलायला हवा, हे आपल्या सरकारला पटले आहे. पण राहण्याचे वर्षाला २०,००० म्हणजे महिन्याला सतराशेही भरत नाहीत, आणि केंद्र सरकार स्वतःच्या हवालदाराला त्याच शहरात ८,७६० देते. ही तफावत स्वाधारच्या विद्यार्थ्यावरही अन्याय करणारी आहे आणि ती दूर व्हायला हवी. सैनिकाचा भत्ता त्या योजनेच्या वाट्यातून काढू नये. त्यासाठी वेगळी तरतूद हवी, कारण त्याचा आधारही वेगळा आहे. स्वाधार सामाजिक न्यायासाठी आहे. सैनिकाचा भत्ता भरपाईसाठी आहे. अठरा ते बावीस ही वर्षे त्याच्या वर्गमित्रांनी कॉलेजात काढली, तेव्हा तो चौकीवर होता. ती वर्षे त्याने आपल्या सगळ्यांसाठी खर्ची घातली.

चौथा आक्षेप लबाडीचा. कागदोपत्री प्रवेश घेऊन भत्ता उचलणारे निघतील, हे खरे आहे. म्हणून दर महिन्याला हजेरी आणि दर सत्राला कॉलेजचे प्रमाणपत्र यांवर भत्ता बांधावा, आणि पैसे थेट विद्यार्थ्याच्या खात्यात जावेत. अमेरिकेने जी खरी किंमत मोजली ती वेगळ्याच दोन चुकांची. नफेखोर खासगी संस्थांनी माजी सैनिकांना ओढून घेतले, आणि २०१६ मध्ये आयटीटी टेक ही मोठी साखळी एकाएकी बंद पडली तेव्हा अनेकांचा भत्त्याच्या हक्काचा काळ वाया गेलेला होता. २०१८ मध्ये नव्या नियमांसाठी संगणक व्यवस्था तयार नव्हती, म्हणून हजारोंचे घरभाडे रखडले. आपण यावरून दोन गोष्टी घ्याव्यात: भत्ता फक्त विद्यापीठाशी संलग्न कॉलेजे आणि सरकारी आयटीआयपुरता ठेवावा, आणि तो महिन्याच्या पहिल्या आठवड्यात जमा झालाच पाहिजे. शिष्यवृत्ती वर्षाअखेरीला एकरकमी येते, पण घरमालक वर्षाअखेरीपर्यंत थांबत नाही.

पाचवा आक्षेप: भत्त्याऐवजी वसतिगृह बांधा. बांधावे, कोण नको म्हणतो? पण उपनगरात जागा, आराखडा, परवानग्या आणि बांधकाम यांत वर्षे जातात, आणि प्रवेश जून-जुलैत होतात. शिवाय अडतीस वर्षांचा, बायको-मुले असलेला नाईक कॉलेजच्या मुलांबरोबर बंक बेडवर राहणार नाही, राहूही नये. वसतिगृह आणि भत्ता एकमेकांना पूरक आहेत. वसतिगृह मिळेल त्याला भत्ता नको, मिळणार नाही त्याला मिळावा. स्वाधार योजना नेमकी अशीच चालते. नोकरीत आरक्षण असताना भत्ता कशाला, असेही कोणी विचारेल; त्याचे उत्तर तर त्याहून सोपे आहे. महाराष्ट्रात माजी सैनिकांना समांतर आरक्षण आहे, निमलष्करी दलांत अग्निवीरांसाठी जागा राखून ठेवल्या आहेत; पण आरक्षण जागा देते, पात्रता देत नाही. तांत्रिक पदवी मागणाऱ्या जाहिरातीपुढे बारावी पास माणूस राखीव जागा असूनही उभाच राहतो.

तेव्हा मागणी नेमक्या शब्दांत अशी. राज्याच्या सैनिक कल्याण विभागाने महाराष्ट्राचा रहिवासी असलेल्या प्रत्येक माजी सैनिकाला आणि सेवा पुरी केलेल्या अग्निवीराला, गावापासून दूर पूर्णवेळ अभ्यासक्रमाला असेपर्यंत, कॉलेज असलेल्या शहरातल्या हवालदाराच्या घरभाडे भत्त्याइतकी रक्कम दरमहा द्यावी. छत्तीस महिन्यांची मर्यादा घालावी, हजेरीची अट ठेवावी, पावतीची ठेवू नये. अर्ज जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात घ्यावा. सुरुवातीला मुंबई उपनगर जिल्ह्यात वर्षभर करून पाहावे, कारण इथे जमले तर राज्यात कुठेही जमेल. अग्निवीरांची पहिली तुकडी गणवेश उतरवेल तेव्हा हा आदेश निघालेला असला पाहिजे. अंधेरी ते बोरिवली आणि घाटकोपर ते मुलुंड या पट्ट्यातल्या आमदार-खासदारांना वाचकांनी एवढाच प्रश्न विचारावा: सीमेवर ज्याला बरॅक दिली, त्याला वर्गात बसताना खोली द्यायला तुम्ही काय केले?