रोयणीचे घड्याळ

गेल्या श्रावणात सुर्ल्याला एका नातेवाइकाकडे गेलो होतो. परतताना रस्त्याच्या कडेला एक म्हातारी पानांत बांधलेली रोयणीची अळमी घेऊन बसली होती. भाव ऐकून हात खिशातच राहिला, पण अळमी न घेता पुढे जाईल तो गोंयकार कसला? एक पुडी घेतली. आत सगळ्या मिटलेल्या कळ्याच होत्या. "फुललेली नाहीत का गे मावशी?" म्हणून विचारले. "फुललीं जाल्यार कोणूच घेना, पुता," ती म्हणाली. खरी गोम याच उत्तरात आहे, हे मला नंतर कळले.

रोयण म्हणजे वारूळ. आपण ते मुंग्यांचे समजतो, पण ते बांधते वाळवी. हे किडे म्हणजे जातिवंत कारागीर. थुंकीत माती मळून अशी भिंत उभी करतात की आमच्या तीन हजार मिलीमीटर पावसालाही ती दाद देत नाही. आत हवा खेळती, ओलावा कायम. आणि हा सगळा खटाटोप कशासाठी, तर आतल्या शेतीसाठी! सुकी पाने, लाकूड खाऊन वाळवी त्याचे स्पंजासारखे पोळे रचते आणि त्यावर बुरशी वाढवते. वाळवीला न पचणारे लाकूड ही बुरशी पचनाजोगे करून देते. रानात कुजायला खूप काळ लागेल ते काम इथे काही आठवड्यांत उरकते. बुरशीला घर मिळते, वाळवीला जेवण. एकाला दुसऱ्यावाचून जगता येत नाही. हा संसार सुमारे ३ कोटी वर्षांचा आहे. रॉजे हाइम या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९४२ मध्ये या अळंबीच्या कुळाला 'टर्मिटोमायसिस' हे नाव दिले. गोव्यात डॉ. नंदकुमार कामत यांनी वर्षानुवर्षे या विषयावर संशोधन आणि लेखन केले आहे.

आता घड्याळाची गोष्ट. पावसाच्या सुरुवातीला दिव्याभोवती पंखवाले किडे घोंगावतात, ते आपल्या ओळखीचे. ती वाळवीची नवी जोडपी, वेगळा संसार मांडायला निघालेली. पण बहुतेक जातींत ही जोडपी माहेरून बुरशीचे बियाणे नेत नाहीत. जमिनीत शिरतात, पहिली पिल्ले वाढवतात. ती पिल्ले कामाला लागून प्रथमच बाहेर पडतात, साधारण त्याच सुमाराला जुन्या रोयणीवर अळंबी उमलते. छत्रीखालून सूक्ष्म बीजे झडतात, ती नव्या घरच्या कामकऱ्यांना चाऱ्याबरोबर सापडतात आणि शेती सुरू होते. वेळ चुकली तर नव्या घराला शेतीच नाही, आणि शेती नाही म्हणजे घर नाही.

म्हणून ती मिटलेली कळी मला सलते. कळी असताना सगळी अळमी उपटली तर बी पडणार कुठून? या वर्षी पुडी भरते, पण दहा वर्षांनी फुटणारी रोयण आपण आजच खाऊन टाकतो.

आमच्या पूर्वजांनी रोयणीला देव केले. सातेरी आमच्या गोव्यात रोयणीच्याच रूपात पुजली जाते. नागपंचमीही ऐन अळम्यांच्या दिवसांत येते. त्यांना बुरशीचे शास्त्र ठाऊक नसेल, पण रोयणीला कुदळ लावायची नाही एवढे ठाऊक होते. आपण गाभाऱ्यातल्या रोयणीला ओटी भरतो आणि सड्यावरची रोयण जेसीबीने सपाट करतो. सुर्ल्याच्या टापूत तर खाणींनी डोंगरच्या डोंगर उलटे केले. २०१२ मध्ये खाणी थांबल्या, २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ८८ लीज रद्द केल्या, आता काही ठिकाणी पुन्हा काम सुरू झाले आहे. मातीच्या ढिगाऱ्यांवर अकेशिया लावून हिरवे करता येते, पण रोयण कंत्राट देऊन बांधून मिळत नाही.

अळमी विकण्यावर बंदी घाला, असे मी म्हणणार नाही. त्या म्हातारीचे पावसाळ्यातले चार पैसे हिरावून कोणती सातेरी प्रसन्न होणार? चूक तिची नाही, फुललेले न घेणाऱ्या आपली आहे. आपण एवढेच करावे: उमललेली अळमीही घ्यावी, ती जास्त टिकत नाहीत, पण त्याच रात्री तोणाक करायला काय हरकत आहे? काढणाऱ्यांनी प्रत्येक रोयणीवर चार छत्र्या सोडाव्यात आणि मुळाशी लोखंड घालू नये.

तिसरे काम पंचायतीचे. मी कागदांत वावरणारा माणूस. एक-चौदाच्या उताऱ्यावर कूळ दिसते, पीक दिसते, रोयण कधी दिसली नाही. जे कागदावर नाही ते मोडले तर तक्रार कोणाची नोंदवणार? २००२ च्या जैवविविधता कायद्याने प्रत्येक पंचायतीला लोकजैवविविधता नोंदवही ठेवायची आहे. त्या वहीत गावातली एकेक रोयण जागेसह लिहावी. फार तर दोन रविवारांचे काम आहे.

येत्या श्रावणात ती म्हातारी भेटली तर मी फुललेलीच मागणार आहे. पुढच्या गिऱ्हाइकाने तेच मागितले तर तिला आपले उत्तर बदलावे लागेल.